तोंडात बसलेली चाल

माझ्या मुलाचं नाव रोज संध्याकाळी टीव्हीवर येतं. एका मालिकेवर नाही, चांगल्या सात-आठ मालिकांवर. ‘संगीत : मुकुंद मोरबाळे.’ आणि गेल्या कित्येक वर्षांत त्यानं एकाही मालिकेला चाल लावलेली नाही.

लोकांना यात काही खटकत नाही. वाण्याच्या दुकानात मला अडवून सांगतात, काकी, कालचं संगीत काय झालं होतं हो! मी विचारते, काय झालं होतं, म्हणून दाखवा बघू. मग डोकं खाजवतात आणि गुळाचा भाव विचारायला लागतात.

आमचं घर बँडवाल्यांचं. गडहिंग्लजमध्ये लोक मोरबाळे ब्रास बँडसाठी लग्नाची तारीख पुढं ढकलायचे, पण दुसऱ्याला सुपारी द्यायचे नाहीत. आमचे हे ट्रम्पेट वाजवायचे, बँड चालवायची मी. सुपारी मी घ्यायची, लाल कोटांना इस्त्री मी करवायची, आणि कोण पिऊन आलाय ते पायरीवरूनच ओळखून मीच त्याला परत पाठवायची. हे गेल्यावरही बँड थांबला नाही. बाईच्या हाताखाली वाजवणार नाही म्हणणारे दोघे होते, त्यांना मी लाल कोट उतरवून ठेवायला लावले.

सूर-ताल मला कुणी शिकवला नाही. चाल मात्र कळते. चाल म्हणजे जिच्यावर चालता येतं ती. परण्या निघाला, म्हणजे नवरदेव घोड्यावर बसून मारुतीच्या देवळाकडं निघाला, की मागं सगळी वऱ्हाडी मंडळी चालतात. चाल खोटी असली की बायकांचे पाय लुगड्याच्या काठात अडकतात. खरी असली की दमेकरी म्हातारासुद्धा न थांबता देवळापर्यंत पोचतो. मुकुंदा त्या पायांमधूनच वाढला.

मुंबईला गेला तेव्हा आधी दुसऱ्यांच्या हाताखाली राहिला. मालिकांचं पार्श्वसंगीत करायचा. सासू वळली की धाडकन काहीतरी, सून रडली की बासरी. मी विचारायची, "संगीत आहे का भांड्यांची मांडणी कोसळली?" तो हसायचा. म्हणायचा, "आई, मांडणीचेच पैसे देतात." मग त्याला स्वतःचं पहिलं शीर्षकगीत मिळालं आणि ते त्यानं आधी फोनवर मला ऐकवलं.

तेव्हापासून आमची एक रीत पडली. ऐकल्यावर मी काही बोलायचं नाही. सकाळी भाकरी थापताना चाल आपसूक माझ्या तोंडात आली तर ती पास. नाही आली तर नापास, मग निर्माता खुशीनं नाचत का असेना. "आई, बसली का तोंडात?" एवढंच विचारायचा. नाही म्हटलं की एक शब्द न बोलता टाकून द्यायचा. चांगल्या चांगल्या गायकांनी गाऊन ठेवलेलीही टाकली त्यानं.

ते पहिलं गाणं बसलं. संध्याकाळी गल्लीतल्या प्रत्येक घरातून ते सुरू व्हायचं. कुणाचा टीव्ही जरा पुढं, कुणाचा जरा मागं, त्यामुळं सगळी घरं एकमेकांच्या मागून गातायत असं वाटायचं. शेजारची नसीमा, आमच्या क्लॅरनेटवाल्या दस्तगीरची बायको, भिंतीपलीकडून ओरडायची, "वहिनी, मुकुंदा आला!" पुढं त्यानं दोन सिनेमेही केले. त्यातल्या एकाचं गाणं लग्नात वाजवायला म्हणून आमच्याच बँडकडं आलं. तेव्हा मी कडक चेहरा करून उभी होते, पण उभं राहवत नव्हतं.

मग मणी आला.

तो कसा चालतो हे मला पुढं भार्गवी नावाच्या एका मुलीनं समजावलं, पण इथंच सांगून टाकते. मणी ज्वारीच्या दाण्याएवढा. कानात बसतो. कानाच्या कातडीतून त्याला नाडी लागते, श्वास कळतो, अंगाला घाम फुटला तर तोही कळतो. समोर मालिका चालू असते. माणसं बोलतात ते मण्यातूनच सगळ्यांना सारखंच ऐकू येतं, पण मागचं संगीत मणी जागच्या जागी तयार करतो, एकट्या तुमच्यासाठी. तुमचा जीव गलबलला की सूर तिथंच रेंगाळतो. कंटाळलात की तुमच्या आधी त्याला समजतं आणि तो वळण घेतो. नवरा-बायको एका सोफ्यावर बसून एकच प्रसंग बघतात आणि दोघांच्या कानात दोन वेगळी गाणी.

पण मणी काही हवेतून सूर काढत नाही. त्याला कुणाचा तरी हात शिकवावा लागतो. कशानंतर काय घ्यायचं, कुठं थांबायचं, कुठं मुद्दाम चुकायचं, ही ज्याची त्याची खोड असते, तिला हात म्हणतात. कंपनीनं मुकुंदाचा हात मागितला. पोरीचा मागतात तेव्हा निदान चहा-पोहे तरी होतात. याला एका काचेच्या खोलीत बसवलं, डोक्याला तारा लावल्या आणि सांगितलं, मनात येईल ते वाजवा. कोणत्या मालिकेसाठी? कोणत्याच नाही. कुणाला ऐकवायला? कुणालाच नाही. वर्षभर त्यानं तेच केलं. मग त्याला घरी पाठवलं. नाव तेवढं पडद्यावर ठेवलं.

गल्ली गप्प झाली. संध्याकाळी प्रत्येक खिडकीत निळा उजेड आणि आवाज कुठंच नाही. बँडही मोडला. आमच्या दारावरून गेलेला शेवटचा परण्या मी खिडकीतून बघितला. सगळी वरात नाचत होती आणि ऐकू येत होत्या नुसत्या चपला. ज्याचा त्याचा मणी. कुणी संथ डुलतोय, कुणी उड्या मारतोय, आणि शेजाऱ्याचा पाय कुठं पडतोय याच्याशी कुणाला देणंघेणं नाही. घोडा तेवढा बिनमण्याचा. तो कान टवकारून सगळ्यांकडं बघत होता.

मीही मणी घेतला. घरात मी एकटी, आणि मुलाचं नाव लागतंय म्हटल्यावर काय वाजतंय ते कळायला नको? पहिल्या संध्याकाळी नाक मुरडून कानात घातला. दुसऱ्या दिवशी भाकरी थापताना एक चाल तोंडात आली. मी परातीत हात ठेवून तशीच बसून राहिले. इतकी सरळ, इतकी मोकळी चाल मुकुंदानं मला कधी ऐकवली नव्हती. तिसऱ्या दिवशी दुसरी आली. मग रोजच यायला लागल्या.

गौरी-गणपतीला मुकुंदा घरी आला. एकटाच. बायको लेकीला घेऊन पुण्याला राहते, त्याला झाली आता काही वर्षं. पूर्वी तो ताटावर बसला तरी बोटं वाटीवर वाजायची. या खेपेला हात मांडीवर ठेवून बसला होता, देवळात बसतात तसा. जेवण झाल्यावर पिशवीतून कागद काढला.

"कसला?"

"कंपनीचा. सही केली की नाव राहील, महिन्याचं येत राहील. फक्त मी पुन्हा चाल करायची नाही. कुणासाठीच. हात कायमचा त्यांचा."

"आणि मोरीत गुणगुणलास तर?"

"ते पण नको म्हणतात. कुणी ऐकून टिपलं, तर दुसऱ्या कंपनीला फुकट हात मिळतो."

"आणि सही नाही केलीस तर?"

"नाव काढतील. दुसऱ्याचा हात बसवतील. तसंही कोण विचारतंय, आई? निर्मात्यांकडं गेलो तर चहा देतात आणि जुन्या आठवणी काढतात." कागदाची घडी घालत तो म्हणाला, "एक खरं सांग. तू मणी लावतेस. बसतं काही तोंडात?"

चालीबद्दल मी आजवर कुणाला खोटं सांगितलेलं नाही. सख्ख्या नवऱ्याला सांगितलं नाही, तर पोराला काय सांगणार?

"बसतं," मी म्हणाले. "रोज बसतं. आणि रागावू नकोस, पण तुझ्यापेक्षा मशीन बरं करतंय. तुझ्यात एक ऐट होती, मुकुंदा. बघा मी कसं केलंय, अशी. याच्यात ती नाही."

"बरं झालं विचारलं," तो म्हणाला. सकाळी उठून गेला. आंबोळ्यांचा डबा ओट्यावरच राहिला.

त्यानंतर भार्गवी आली. कंपनीची पोरगी, गळ्यात ओळखपत्र, हातात अवजारांची पेटी. मी आणि नसीमा पुढच्या सोप्यात शेंगा फोडत होतो.

"आजी, तुमचा मणी बिघडलाय. कंपनीकडं त्याची नोंदच येत नाही."

"माझा? तुमच्या कंपनीकडून आयुष्यात एक गोष्ट धड झालीय, तिला हात लावू नकोस."

तिनं मणी तपासला, माझं मनगट धरलं, घड्याळाकडं बघितलं, पुन्हा धरलं. "आजी, छातीत काही बसवलंय का?"

"पेसमेकर. मिरजेला बसवला. का? त्यालाही तुमची परवानगी लागते?"

पोरगी हसली आणि मग एकदम गंभीर झाली. "आमच्या कारखान्यात मणी तपासायला रबराचा कान असतो. त्याला आम्ही एकसारखी नाडी देतो, कमी नाही, जास्त नाही. तशी नाडी लागली की मणी समजतो, हा माणूस नव्हे. मग तो घाम-श्वास काही बघत नाही आणि नवीन काही करतही नाही. साठ्यातलं मूळ रेकॉर्डिंग जसंच्या तसं वाजवतो. तुमची नाडी पेसमेकर चालवतो, म्हणून…"

"म्हणून मी रबराचा कान?"

नसीमा पदर तोंडात कोंबून हसायला लागली. "वहिनी, दस्तगीर हेच म्हणायचा. पगारवाढ मागायला गेलं की."

"तू शेंगा फोड." मी भार्गवीकडं वळले. "मूळ रेकॉर्डिंग म्हणजे कुणाचं?"

"सरांचं. काचेच्या खोलीतलं. ते कुणाला ऐकवायचं नसतं, आजी. नुसतं मशीनला शिकवायला असतं."

माझ्या हातातली शेंग फुटेना. मग मी नसीमाला म्हणाले, "कालच्या भागाला काय वाजलं तुझ्या कानात? म्हण."

"लई रडले वहिनी मी. लेक घर सोडून जाते तिथं तर…" ती थांबली. तोंड उघडलं, पुन्हा मिटलं. "अगं बाई. काहीच कसं येईना?"

"कुणालाच येत नाही," भार्गवी म्हणाली. "आपला मेंदू सारखा अंदाज बांधत असतो, पुढं काय येणार. अंदाज चुकला की तो दचकतो आणि ती जागा लक्षात ठेवतो. मऊ भाताचे घास आठवत नाहीत, खडा लागला तो घास आठवतो, तसं. मणी खडा लागूच देत नाही. ऐकताना सुख होतं, पण मागं काही उरत नाही." तिनं पेटी बंद केली. "हे मला वर कळवावं लागेल. मग दुरुस्ती आपोआप होईल, घरी यायची गरज नाही."

"कळवू नकोस."

"नोकरी आहे, आजी. उशीर करेन, जमेल तेवढा."

ती वळणाआड जायच्या आधीच मी मुकुंदाला फोन लावला. हॅलो म्हणू दिलं नाही. सकाळी तोंडात आलेली चाल म्हटली. माझा आवाज आता फाटक्या ताडपत्रीसारखा, पण चाल कळेल एवढा आहे.

त्यानं शेवटपर्यंत ऐकली. मग म्हणाला, "ही कुठून आली तुझ्याकडं? मी ही त्या खोलीत वाजवली होती. काचेबाहेर एक कबुतर होतं, एका पायावर उभं. त्याच्याकडं बघत."

"लंगडं होतं?"

"झोपलं होतं."

मी सगळं सांगितलं. पेसमेकर, रबराचा कान, साठा. तो ऐकत होता. शेवटी म्हणाला, "म्हणजे मशीन माझ्यापेक्षा बरं म्हणालीस, ते…"

"ते तूच होतास. आता काय हार घालू?"

"आई, त्या मी कुणासाठी केल्या नव्हत्या गं."

"त्याचाच गुण आहे. कुणी बघत नव्हतं म्हणून शहाण्यासारखा वागलास."

तो हसला. मुकुंदा हसला की आधी नाकातून हवा सोडतो. किती तरी दिवसांनी ती ऐकली मी.

मग आमचा नेमच झाला. संध्याकाळी मी मालिका बघायची, दुसऱ्या संध्याकाळी तो फोन करायचा, "काय बसलं?" आणि मी म्हणायची. रेकॉर्डिंग कंपनीचं, त्याच्याकडं त्यातलं काही नव्हतं; वर्षभर वाजवलेलं कुणाच्या लक्षात राहतं? काही चाली त्याला ओळखू यायच्या, काही नाही. एखादीवर भांडायचा, "इथं मी वर गेलो असणार, तू खाली आणलीस." मी म्हणायची, "तू गेला असशील, मला दम लागतो." पुढं पुढं फोनमागं बाजाची पेटी ऐकू यायला लागली. मी म्हटलेल्याला तो पुढं काहीतरी जोडायचा, नवीन, त्या दिवशीचं. त्या खोलीतलं नव्हे. मी दुसऱ्या दिवशी सांगायची, बसलं की नाही. कागदाचं विचारलं की म्हणायचा, पडलाय. कंपनीचे फोन येतात, सांगतो म्हटलंय. एकदा म्हणाला, "नाव काढू देत त्यांना. मी छोटं काहीतरी करीन. नाटकाला करीन." मी देवापुढं दोन वाती जास्त लावल्या.

आणि एका संध्याकाळी मणी दुरुस्त झाला.

मला आधी समजलं नाही. मालिकेत एक म्हातारी बस स्टँडवर लेकाला निरोप देत होती. बस हलली, आणि माझ्या घशात जिथं आवंढा आला तिथंच सूर उचलला गेला. नेमका तिथं. माझा श्वास अडकला तसा तोही अडकला, मी सोडला तसा त्यानंही सोडला. पेसमेकरच्या मागून, माझ्या घामातून, श्वासातून त्यांनी मला शोधून काढलं होतं. इतकं मन लावून माझ्याकडं आजवर कुणी बघितलं नव्हतं, ना नवऱ्यानं, ना पोरानं. मी ओक्साबोक्शी रडले. भाग संपला, डोळे पुसले, आणि मला फार बरं वाटलं.

सकाळी भाकऱ्या झाल्या. तोंड रिकामं.

संध्याकाळी फोन वाजला. मी वाजू दिला. काय सांगणार होते? आज काही नाही? उद्याही नाही आणि परवाही नाही? हे ऐकलं की तो कागद काढणार, एवढं मी त्याला ओळखते. दुसऱ्या संध्याकाळी फोन पुन्हा वाजला, मी मागच्या दारी जाऊन बसले. तिसऱ्या दिवशी आला नाही. चौथ्या दिवशीही नाही.

मग मी मणी काढून डबीत टाकला आणि स्वयंपाकघर ते परसू अशा फेऱ्या मारायला लागले. दुसऱ्यांच्या चालींना मी आयुष्यभर नावं ठेवली, स्वतः एक केली नव्हती. आता करून बघते तर जे येतं ते जुन्या बँडचं. टाकलं. पुन्हा आलं ते मुकुंदाचंच. तेही टाकलं. नसीमानं भिंतीवरून डोकावून विचारलं, "वहिनी, काय हरवलंय?" मी म्हणाले, "तुझं काय जातंय?" ऊन उतरता उतरता काहीतरी वाकडंतिकडं पायाखाली आलं, जे कुणाचंच नव्हतं. ते विसरायच्या आत मी फोन लावला.

"कुठं होतीस?" मुकुंदानं विचारलं.

"इथंच. कान दुखत होता. ऐक, आजची."

म्हटली. तो म्हणाला, "पुन्हा म्हण."

पुन्हा म्हटली, तर दुसरीच झाली. पहिली कशी होती ते मलाच आठवेना.

"आई, ही माझी नाही."

"मग काय शेजाऱ्याची?"

"मणी दुरुस्त झाला ना तुझा?"

खोटं बोलायची सवय नसली की दुसरं वाक्य सुचत नाही. मी म्हणाले, "झाला."

"तू फोन उचलत नव्हतीस, तेव्हाच?"

"हं."

"मला वाटलं, खोलीतल्या संपल्या. आणि मी जोडलेल्या तुला बसेनाशा झाल्यात, तोंडावर सांगवत नाही म्हणून उचलत नाहीस." तो थांबला. "काल सकाळी मी सही केली, आई."

परसात कुणाची तरी कोंबडी आली होती. मी तिला हाकललं.

"मग आता फोन धरून कशाला बसलायस? ठेव."

त्यानं ठेवला नाही. मीही नाही.

"तू म्हण," तो म्हणाला. "मला बंदी आहे. तू कुठं सही केलीयस?"

"मला येत नाही."

"येत नाहीच. मधे तर पार घसरलीस."

"मग?"

"म्हण म्हणतो ना."

माझ्या घरात कुणी नव्हतं. त्याच्याही नव्हतं. खोली रिकामी असली की माणसाचा आवाज भिंतीवरून परत येतो, ते फोनमधून कळतं. मी भिंतीला हात टेकून म्हणायला लागले. मधल्या ओळीपाशी आले तसा तो बोलला, अगदी हळू. सूर लावला नाही, नुसते शब्द.

"इथं खाली ये, आई. अजून खाली."

मी आले.